नांवांचे अर्थ आणि नांवांचा इतिहास

मुलांचीं नांवें व त्यांचे अर्थ सांगणाऱ्या पुस्तिकांकडे इतिहाससंशोधकानें लक्ष देण्याचें कारण नाहीं, असें आम्हांस बरेच दिवस वाटत होतें. परंतु त्यांतील विधानें आतां ऐतिहासिक वादांत पुरावा म्हणून पुढें येऊं लागलीं आहेत. तेव्हां तीं एकदां कसोटीस लावणें प्राप्त झालें.

शब्दाचा कोशांतील अर्थ, त्याची व्युत्पत्ति आणि अमक्या मुलास तें नांव कां ठेवलें याचें कारण, या तीन निरनिराळ्या गोष्टी होत. पुस्तिकाकार त्यांची बेमालूम भेसळ करितात. 'इरा' म्हणजे पृथ्वी किंवा वाणी, असें ते देतात. तें खोटें नाहीं. पण अमरकोशांत त्याच शब्दाचा सुरा असाही अर्थ सांगितला आहे, तो तेवढा गाळतात! उलट 'धोंडू', 'दगडू', 'उकिरडा' यांचा अर्थ पोरासही ठाऊक. पण तेवढ्यानें कांहींच उलगडत नाहीं. ज्या घरीं मुलें जगत नसत तेथें नवजात अर्भकास दृष्ट लागूं नये म्हणून असें टाकाऊ वस्तूचें नांव देत. येथें अर्थ शब्दांत नसून रूढींत आहे.

आतां मुख्य उदाहरण शहाजीराजांच्या नांवाचें. हें 'सिंहजी' याचें भ्रष्ट रूप होय, असें एक मत प्रतिपादिलें जातें. तें मान्य केल्यास शिवछत्रपतींच्या संस्कृत मुद्रेचें काय करावयाचें? त्या मुद्रेंत पित्याचा निर्देश 'शाह' या शब्दानेंच केला आहे. तेथें 'सिंह' घातला असता तरी अनुष्टुभास कोठें बाध येत नव्हता, आणि संस्कृत रचणाऱ्यास सिंह हा शब्द कांहीं परका नव्हे. ज्याला मूळ शब्द ठाऊक असावयाचा, त्यानेंच तो वापरला नाहीं! शिवाय शहाजीराजांचे बंधु शरीफजी, जे भातवडीच्या लढाईंत १६२४ सालीं पडले, त्यांच्या नांवाची वाट काय? जो एका भावाचें नांव संस्कृतांतून काढील, त्यानें दुसऱ्याचेंही काढून दाखवावें. मालोजीराजांनीं अहमदनगरच्या शहा शरीफ पिरास नवस केला ही कथा ग्रँट डफनें १८२६ सालीं छापिली आहे. ती परंपरा आहे, समकालीन कागद नव्हे, हें आम्ही विसरत नाहीं. पण कथा बाजूस ठेविली तरी दोन नांवांची जोडी उरतेच. मालोजीराजांना जें नांव ठेवतांना संकोच वाटला नाहीं, तें आजच्या अभिमानास खुपतें म्हणून बदलून घेणें, याला व्युत्पत्ति म्हणत नाहींत.

'शिवाजी' हें नांव शिवाई देवीवरून, असें सर्वच पुस्तिका निःशंकपणें लिहितात. कै. दिवेकरांनीं १९२७ सालीं प्रसिद्ध केलेल्या शिवभारतांत मात्र परमानंदानें निराळें कारण दिलें आहे: शिवगिरीच्या, म्हणजे शिवनेरीच्या, माथ्यावर जन्म झाला म्हणून 'शिव'. परमानंद हा पदरचा कवि. त्याचें म्हणणें डावलावयाचें तर तसेंच साधन हवें. शिवाईचें ठाणें त्याच गडावर असल्यानें दोन्ही कारणें अगदींच परस्परविरोधी नाहींत, इतकें आम्ही कबूल करूं. पण देवीवरूनच, असा निर्णय त्यांतून निघत नाहीं. शिवाईपक्षाच्या लेखकांनीं परमानंदाहून जुना उल्लेख दाखवावा. तो मिळाल्यास हा परिच्छेद आम्ही आनंदानें मागें घेऊं.