कनवट

भानू अथैयांचं नाव वर्षातून एकदा तरी माझ्या फोनवर येतं. 'पहिला भारतीय ऑस्कर, आपल्या कोल्हापूरची लेक', खाली तिरंगा. फॉरवर्ड करणाऱ्यांपैकी किती जणांनी त्यांनी केलेले कपडे नीट बघितलेत, हे विचारायचं नसतं. मीही बघितले नव्हते. बघायला लागले ते एका लुगड्यामुळे.

इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षी आमच्या एकांकिकेत एक पात्र सलवार-कमीजमधून नऊवारीत जाणार होतं आणि मध्ये ब्लॅकआउट होता फक्त चाळीस सेकंदांचा. वेशभूषा माझ्याकडे. आजीकडून तिचं जुनं इरकली लुगडं मागून आणलं, कापलं, पायजम्यासारखं शिवलं, कमरेला वेल्क्रो लावलं. बत्तीस सेकंदांत बदल होऊ लागला. प्रॉब्लेम सॉल्व्ह. प्रयोगाचा व्हिडिओ आजीला दाखवला. लुगडं कापलं म्हणून ती एक अक्षर बोलली नाही. फोन डोळ्यांजवळ धरून तिने विचारलं, "अगं, हिला कनवट कुठंय? बाई पैसे कुठं खोचणार?"

कनवट म्हणजे कमरेशी लुगड्याचीच घट्ट दुमड घालून केलेली जागा. खिसा नसलेल्या कपड्याचा खिसा. आमच्या नाटकातली बाई नवऱ्यापासून पैसे लपवायची आणि आम्ही तिला ते स्टीलच्या डब्यात ठेवायला लावले होते. डबा, टेबल, टेबलावर लाइट, सगळा खटाटोप. कनवट असती तर नुसता कमरेकडे गेलेला हात पुरला असता.

तेव्हापासून कॉस्च्यूमबद्दलचे वाद वाचताना माझी चिडचिड होते. ऐतिहासिक सिनेमाचा ट्रेलर आला की कमेंटमध्ये एकच भांडण: हे त्या काळातलं आहे की नाही? प्रश्न चुकीचा नाही, पण तेवढ्यावर थांबलं की फसगत होते. 'आम्रपाली' (१९६६) घ्या. वैजयंतीमालाच्या कपड्यांसाठी अथैयांनी अजिंठ्याच्या चित्रांचा आधार घेतला. जे. जे.मध्ये चित्रकला शिकलेल्या बाईंची ती नजर. पण अजिंठ्यातली बरीचशी प्रसिद्ध चित्रं इसवी सनाच्या पाचव्या शतकातली आणि आम्रपाली बुद्धाच्या काळातली. मध्ये हजारएक वर्षं! म्हणून ते कपडे वाईट ठरत नाहीत. माझी तक्रार वेगळी आहे. ते इतके देखणे आहेत, की त्यांत कोणी उष्टं काढलंय, घामेजलंय, झोपलंय असं वाटतच नाही. बाई भिंतीवरून उतरली आहे आणि पुन्हा भिंतीवर जाणार आहे.

उलट 'ब्रह्मचारी'मधली (१९६८) मुमताजची केशरी साडी. शम्मी कपूरबरोबर ट्विस्ट करायचा तर सहावारी सुटणार, म्हणून अथैयांनी ती शिवून टाकली, आत चेन लावली. शुद्धतेच्या नावाने नाक मुरडणाऱ्यांनी हे गाणं म्यूट करून बघावं. साडी अंगाला धरून राहते, नाचणारीला एकदाही पदर सावरावा लागत नाही. माझ्या वेल्क्रोचीच थोरली बहीण ही. फरक एवढाच, की अथैयांना ती साडी कशासाठी आहे हे माहीत होतं. तिला नाचायचं होतं, पैसे लपवायचे नव्हते.

आणि मग 'गांधी' (१९८२). ऑस्कर जॉन मोलोबरोबर विभागून मिळालं, हे फॉरवर्डमध्ये गाळलेलं असतं. लाखो माणसांची अंत्ययात्रा सगळ्यांना आठवते. मी मात्र नदीचा प्रसंग पुन्हा पुन्हा बघते. पलीकडे एक गरीब बाई आहे. गांधी स्वतःजवळचं कापड पाण्यावर सोडून देतात, ते वाहत तिच्याकडे जातं. संवाद नाही. सूटबुटातला बॅरिस्टर, परतल्यावरचा काठेवाडी पोशाख, मग पंचा, असा हा माणूस कपडे कमी करत जातो आणि तीच सिनेमाची गोष्ट आहे. प्रत्यक्षात पंच्याचा निर्णय १९२१मध्ये मदुराईला झाला. सिनेमाने तो मुक्काम गाळून एका कापडावर काम भागवलं. इतिहास म्हणून ही सूट मोठी आहे, पण मला ती पटते, कारण ते कापड दुसऱ्या कुणाच्या तरी उपयोगाला जातं. पडद्यावरचा कपडा एकदम खरा होतो तो तिथे. (खादी बघणं सोपं नाही, हेही तेव्हाच कळलं. पांढऱ्यातला फरक मोबाइलच्या ब्राइटनेसवर दिसत नाही. टीव्हीवर बघा.)

अथैयांनी २०१२मध्ये ती बाहुली जपणुकीसाठी अकादमीकडे परत पाठवली आणि २०२०मध्ये त्या गेल्या. कपडे जपायची सोय आपल्याकडे फारशी नाही, सिनेमाच्याही आणि घरच्याही.

इरकलीचा उरलेला काठ माझ्या कपाटात आहे. आजी आता नाही. कनवट घालायला तिच्याकडून शिकायचं राहिलं. परवा नऊवारी नेसायचे चार-पाच व्हिडिओ बघितले. निऱ्या, काष्टा, पिना, सगळं नीट दाखवलंय. शेवटी प्रत्येकीच्या हातात पर्स आहे.