'ईदगाह' कथेतली ईदगाह

प्रेमचंदांची 'ईदगाह' ही कथा आपल्यापैकी बहुतेकांनी कधी ना कधी वाचलेली असते. ती १९३३ सालची. पुढे ती 'मानसरोवर'च्या पहिल्या खंडात आली, हिंदीच्या पाठ्यपुस्तकांतून गेली, आणि मग पाठ्यपुस्तकातल्या कथेचं जे होतं तेच तिचंही झालं: बोध पक्का झाला आणि कथा मागे पडली. हमीद नावाचा चार-पाच वर्षांचा पोरका मुलगा जत्रेत खेळणी घेत नाही, मिठाई खात नाही. जवळच्या तीन पैशांत आजीसाठी चिमटा घेतो, कारण तव्यावरून रोटी उतरवताना तिची बोटं भाजतात. बोध काय, तर त्याग. उत्तर चूक नाही. पण या उत्तराने एक साधा प्रश्न झाकला जातो. कथेचं नाव 'चिमटा' नाही, 'हमीद' नाही. ते एका जागेचं नाव आहे. असं का? आज आपण या प्रश्नापासून सुरुवात करू.

आधी ती जागा काय आहे ते पाहू. ईदगाह म्हणजे दोन ईदांची, म्हणजे ईद-उल-फित्र आणि ईद-उल-अजहा या सणांची सामुदायिक नमाज जिथे पढली जाते ते उघडं मैदान. अरबीत तिला मुसल्ला म्हणतात. पैगंबर मुहंमद हे ईदच्या नमाजेसाठी मदिनेतली आपली मशीद सोडून मोकळ्या मैदानात जात, ही आठवण या प्रथेच्या मुळाशी आहे. त्या मैदानात भिंतसुद्धा नव्हती. समोर एक लहान भाला जमिनीत रोवायचा आणि त्याच्या रोखाने उभं राहायचं. ईदच्या नमाजेला अजान नसते. खुतबा, म्हणजे प्रवचन, शुक्रवारी नमाजेच्या आधी होतो. ईदला तो नंतर होतो.

पुढे इमारती उभ्या राहिल्या तरी ईदगाहचा आराखडा साधाच राहिला. भारतात मक्का पश्चिमेला, म्हणून पश्चिमेला एक भिंत, तिच्यात मिहराब, बाजूला खुतब्यासाठी चार पायऱ्या. बाकी तिन्ही बाजू बहुधा मोकळ्या, वर आकाश. बदायूंची शम्सी ईदगाह तेराव्या शतकाच्या सुरुवातीची, इल्तुतमिशच्या नावाशी जोडलेली. तिचंही मुख्य अंग म्हणजे एक लांबलचक भिंत. आपल्याकडे नाशिकची शाहजहानी ईदगाह घ्या, पुण्यातलं गोळीबार मैदान घ्या. एरवी आपण त्या बाजूने जातो तेव्हा 'इथे काही नाही' असंच आपल्याला वाटतं. पण हे 'काही नसणं' हेच तर तिचं काम आहे. रोजची नमाज मोहल्ल्याच्या मशिदीत, शुक्रवारची जामा मशिदीत, आणि वर्षातून दोनदा सगळे मोहल्ले, आसपासची गावं मिळून एका मैदानात. वर्तुळ मोठं होत जातं. ज्या दिवशी कोणतंही छप्पर पुरू नये अशी अपेक्षा आहे, त्या दिवसासाठी बिनछपराची जागा.

म्हणजे ईदगाह ही नुसती सोय नाही, तो एक दावा आहे. दावा असा की आज सगळे बाहेर आले आहेत आणि एका रांगेत उभे आहेत. आमच्या मते प्रेमचंदांची कथा या दाव्याची परीक्षा घेते. हमीदच्या त्यागाची गोष्ट या परीक्षेच्या आत बसते, बाहेर नाही.

आता कथेकडे पाहू. गावाहून ईदगाह तीन कोसांवर. गावातले बाप सकाळीच चौधरी कायमअलीच्या घराकडे धावतात, कारण सण उसन्या पैशांवर उभा आहे. मुलांना याचा पत्ता नाही. वाटेत शहर लागतं: अदालत, कॉलेज, क्लब, पोलीस लाइन. पोलिसांबद्दल मुलं आपसात जे बोलतात ते ऐकून मोठ्यांनी मान खाली घालावी. प्रेमचंद हा रस्ता घाईने उरकत नाहीत. नमाजेच्या आधी त्यांना सत्तेच्या सगळ्या इमारती ओळीने दाखवायच्या आहेत. त्या इमारतींना भिंती आहेत, फाटकं आहेत, आत कोण जाऊ शकतं याचे नियम आहेत. आणि त्यानंतर, अचानक, ईदगाह दिसते. वर चिंचेच्या झाडांची दाट सावली, खाली पक्की फरशी, तिच्यावर जाजम. रांगांमागे रांगा. नवा येणारा मागच्या रांगेत उभा राहतो. इथे धन आणि हुद्दा कोणी पाहत नाही, असं लेखक स्वतः सांगतो. आणि मग हजारो डोकी एकदम झुकतात, एकदम उठतात. लेखकाला ते एकाच वेळी उजळणाऱ्या आणि मंदावणाऱ्या दिव्यांसारखं दिसतं. हिंदू घरात जन्मलेला, उर्दूत लेखनाला सुरुवात केलेला हा लेखक तिथे पाहुण्यासारखा उभा नाही. त्याचं मन खरंच भरून आलेलं आहे.

पण प्रेमचंद वास्तववादी आहेत, त्यामुळे त्यांचा डोळा त्यांच्या भावनेपेक्षा जास्त पाहतो. त्याच वर्णनात एक तपशील येऊन जातो: रांगा इतक्या मागे गेल्या आहेत की फरशी संपली आहे, तिथे जाजमही नाही. गावातून चालत आलेले लोक वजू करून तिथे, मागच्या रांगेत उभे राहतात. आता आठवा, रस्त्यावर कोण कसं चाललं होतं? कोणी इक्क्यात, कोणी टांग्यात, कोणी मोटारीत. आणि आपली मंडळी पायी. रांगेचा नियम निष्पक्ष आहे: जो आधी येईल तो पुढे. पण आधी कोण येऊ शकतं, हे रांग ठरवत नाही. ते रस्ता ठरवतो. तीन कोस अनवाणी चालणाऱ्या हमीदच्या वाट्याला जाजम येणं कठीणच. लेखकाने हे टीका म्हणून लिहिलेलं नाही. तो समतेचं चित्र काढत होता आणि हाताने खरं लिहून गेला. चांगल्या लेखकाचं असं होतं.

पण म्हणून ती रांग खोटी ठरते का? आम्हाला तसं वाटत नाही. तत्त्वज्ञानात आपण एक भेद नेहमी करतो: एखादी गोष्ट असते आणि एखादी गोष्ट असायला हवी असते. विधी या दोहोंच्या मध्ये कुठेतरी असतो. ईदगाहच्या रांगेत समता 'आहे' असं म्हणणं जास्त होईल. ती 'नाही' असं म्हणणं कमी होईल. तिथे समता करून दाखवली जाते, अंगाने, खांद्याला खांदा लावून, काही मिनिटं. त्या मिनिटांचं मोल हेच की नंतरच्या तासाला मोजायला माप मिळतं.

आणि नंतरचा तास लगेच येतो. नमाज संपते, गळाभेटी होतात, आणि सगळा जमाव मिठाई-खेळण्यांच्या दुकानांवर तुटून पडतो. रांग मोडली. आता कोणाच्या खिशात किती आहे हेच दिसतं. महमूद शिपाई घेतो, मोहसिन भिश्ती, नूरे वकील. पाहा, वाटेवरची अदालत आणि पोलीस लाइन मातीची होऊन मुलांच्या हातात आली. मघाशी एका रांगेत झुकलेली मुलं आता हमीदला मिठाई दाखवून चिडवतात. म्हणजे प्रेमचंद ईदगाह आणि जत्रा एकमेकींना खेटून ठेवतात. एकच मैदान, एकच सकाळ, दोन व्यवस्था. हमीद दुसऱ्या व्यवस्थेत पहिल्या व्यवस्थेसारखा वागतो. मागच्या रांगेत जे सगळ्यांनी मिळून काही मिनिटं केलं, ते तो जत्रेत एकटा करतो: स्वतःकडे न पाहता दुसऱ्याकडे पाहणं. चिमट्याचा भाव सहा पैसे सांगितला जातो, सौदा तिनावर होतो. मग हा चिमटा खांद्यावर बंदुकीसारखा ठेवून तो येतो, आणि शिपाई, वकील सगळे वादात हरतात. इथवर कथा आणि कथेचं नाव यांचं नातं नीट जुळतं.

आता आमचा मुख्य आक्षेप. या ईदगाहमध्ये एक माणूस नाही. अमीना नाही.

ती का नाही, याचं कारण कथेतच आहे आणि ते फार साधं आहे. पोरगं एवढं लांब कसं चालेल, या काळजीने ती व्याकूळ आहे. बरोबर जाऊन मधूनमधून त्याला उचलून घ्यावं असं तिच्या मनात येतं. पण मग शेवया कोण शिजवणार? बस. एवढ्यावर ती घरी राहते. शिवणकामाचे आठ आणे तिने ईदसाठी जपून ठेवले होते, ते दुधाच्या उधारीत बरेचसे गेले. आणि सणाच्या दिवशी धोबीण, न्हावीण, मेहतराणी, बांगड्या भरणारी अशा सगळ्या शेवयांसाठी तिच्याच दारात येणार आहेत.

इथे दोन गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात. पहिली, फित्रा. रमजानच्या शेवटी ज्याची ऐपत आहे त्याने गरिबाला द्यायचं हे दान, आणि ते ईदच्या नमाजेला निघण्याआधी द्यावं असं सांगितलेलं आहे. आधी का? कारण सणाच्या दिवशी कोणावर पोटासाठी हात पसरायची वेळ येऊ नये. म्हणजे मैदानातली रांग उभी राहण्याआधी गावातली एक रांग नीट लावायची आहे. कथेत अमीनाच्या दारात घेणारे येणार आहेत; देणारा कोणी आलेला दिसत नाही. चौधरी कायमअलीच्या घराकडे लोक धावतात ते उसने मागायला. ईदगाहच्या दाव्याचा हा अर्धा भाग गावातच कोसळलेला आहे.

दुसरी गोष्ट बायकांची. हदीसमध्ये उम्म अतिय्या या महिलेची साक्ष प्रसिद्ध आहे. ईदच्या दिवशी तरुण मुलींना, पडद्यातल्या बायकांना, इतकंच नव्हे तर मासिक पाळी सुरू असलेल्यांनाही मैदानाकडे आणा, असं पैगंबरांनी सांगितल्याचं ती सांगते. पाळी असलेल्यांनी नमाजेच्या जागेपासून बाजूला थांबावं, पण त्या दिवसाच्या प्रार्थनेत असावं. एखादीकडे बाहेर पडायला चादर नसेल तर? तर मैत्रिणीने आपली द्यावी. मित्रहो, ही सूचना किती बारीक आहे पाहा. कपडा नाही हे घरी राहण्याचं कारण होऊ द्यायचं नाही. पुढच्या काळात भारतात बहुसंख्य असलेल्या हनफी परंपरेतल्या धर्मशास्त्रज्ञांनी बायकांचं हे जाणं नापसंत केलं, आणि उत्तर भारतातल्या बहुतेक ईदगाह पुरुषांच्या आणि मुलग्यांच्या झाल्या. केरळमध्ये मात्र बऱ्याच ईदगाहांत आज बायकाही असतात. म्हणजे प्रश्न परंपरा की सुधारणा असा नाहीच. परंपरेच्या आतच दोन आठवणी आहेत आणि त्यांच्यातली निवड माणसं करत आली आहेत.

प्रेमचंद हा प्रश्न विचारत नाहीत. अमीनाचं घरी राहणं त्यांना करुण वाटतं, पण अन्यायाचं वाटत नाही. आणि म्हणून आम्हाला तो चिमटा थोडा टोचतो. हमीद आजीची बोटं वाचवतो. आजीला चुलीपासून उठवत नाही. ते त्या लेकराकडून अपेक्षितही नाही. पण कथेचा शेवट वाचून आपले डोळे भरून येतात, त्या भरलेल्या डोळ्यांना एक गोष्ट दिसेनाशी होते: ज्या सकाळी 'सगळे' बाहेर आले होते, त्या सकाळी निम्मी माणसं चुलीपाशी होती, आणि त्यांनी चूल सांभाळली म्हणून बाकीच्यांना बाहेर येता आलं. आपल्या शाळांनी हे वाचन आणखी सोपं केलं. त्याग शिकवला, आणि तो कोणामुळे करावा लागला ते सोडून दिलं.

आपण मराठी माणसांनी हे दुसऱ्याच्या अंगणातलं दुखणं म्हणून पाहू नये. आपल्याकडे चंद्रभागेचं वाळवंट आहे. तिथेही छप्पर नाही. तिथे एकमेकांच्या पाया पडताना जात पाहू नये, हाही असाच अंगाने करून दाखवलेला दावा. आणि तरी चोखोबांची जागा देवळाच्या बाहेर राहिली. देवळाचं दार उघडायला १९४७ साल आणि साने गुरुजींचं उपोषण लागलं. वाळवंट खोटं होतं असं आपण म्हणत नाही. वाळवंटाने जे माप दिलं, त्याच मापाने देवळाला मोजलं गेलं. ईदगाहचंही तसंच. तिच्यावर टीका करायची तर ती तिच्याच मापाने करावी. 'त्यांच्यात असंच असतं' हे माप नव्हे, ती कुंपणापलीकडून मारलेली हाक आहे.

म्हणून 'ईदगाह' पुन्हा वाचा, आणि पोरांना शिकवत असाल तर प्रश्न बदला. बोध काय, असं विचारू नका. कोण आलं होतं, कोण आलं नव्हतं, आणि का, एवढंच विचारा. कथेच्या शेवटी अमीना चिमटा पाहून आधी रागावते, मग लहान मुलीसारखी रडते, पदर पसरून दुवा मागते. ती तिची ईदची नमाज आहे, असं आम्हाला वाटतं. ती घरात, एकटीने, रांगेशिवाय झाली. प्रेमचंदांच्या कथेचं मोठेपण हे की ती आपल्याला तिथवर नेते. तिथून पुढे, मैदानापर्यंतचं अंतर कथेत नाही. ते तीन कोस आपल्याला मोजायचे आहेत.

इथे थांबू. आता तुमचे प्रश्न घेऊ.