गाण्यांमागे झाकलेले राजा परांजपे

राजा परांजपे यांचं नाव काढलं की लोक आधी गाणी गुणगुणू लागतात. गदिमांचे शब्द आणि सुधीर फडक्यांच्या चाली इतक्या रुजल्या आहेत की ती गाणी असलेल्या चित्रपटांचा हा दिग्दर्शक मागेच राहिला. माझ्या मते तो त्या गाण्यांइतकाच मोठा होता.

१९५२ सालचा 'लाखाची गोष्ट' घ्या. दोन कफल्लक तरुणांना महिन्याभरात लाख रुपये उडवायचे आहेत. ज्या काळी पांढरपेशा घरात पै-पैचा हिशेब होता, त्या काळात पैसा संपवणं हेच संकट होऊन बसतं! स्वतः परांजपे आणि राजा गोसावी ही जोडी त्यात जी धमाल करते, तिला गती आहे आणि शिस्तही आहे. त्याच वर्षीचा 'पेडगावचे शहाणे' त्याहून तिखट. वेड्यात काढलेला माणूसच तिथे शहाण्यांची हाव उघडी पाडतो.

पण त्यांचं खरं मोठेपण १९५४च्या 'ऊन पाऊस'मध्ये आहे. निवृत्त मास्तर आणि त्याची बायको उतारवयात मुलांकडे वाटली जातात, एवढीच गोष्ट. परांजपे आणि सुमती गुप्ते ती जगतात. वर्षभर आधी जपानमध्ये दिग्दर्शक ओझूने 'टोकियो स्टोरी'त हेच दुखणं मांडलं होतं. आमच्या कोकणातल्या अंजनवेलीत हा सिनेमा समजावून सांगावा लागत नाही. गणपती आणि शिमग्याला घर भरतं, चाकरमानी परतले की ओटीवर दोन म्हातारी माणसं उरतात. थंडीत त्यातलं एक मुंबईला थोरल्याकडे, दुसरं पुण्याला धाकट्याकडे. कुणी वाईट नसतं, खोल्या लहान असतात.

उणिवा आहेतच. 'जगाच्या पाठीवर'वर (१९६०) चॅप्लिनच्या 'सिटी लाइट्स'ची सावली दाट आहे आणि करुण रस कधीकधी ओसंडतो. पुष्कळ ठिकाणी रचना नाटकाच्या रंगमंचावरची वाटते. मात्र १९६४च्या 'पाठलाग'मध्ये पन्नाशी ओलांडलेला हा माणूस रहस्यपट हाताळतो आणि दोन वर्षांत हिंदीला त्यावरून 'मेरा साया' काढावासा वाटतो.

मग समीक्षेने त्यांना बाजूला का ठेवलं? आपण प्रभात फिल्म कंपनीपाशी थांबतो आणि थेट 'शांतता! कोर्ट चालू आहे' व 'सामना'वर उडी मारतो. लोकप्रिय दिग्दर्शक इतरत्रही नाकारले गेले. जर्मनीत दुसऱ्या महायुद्धानंतर दिग्दर्शक कुर्ट हॉफमनने विनोदी चित्रपटांनी थिएटरं भरली. १९६२मध्ये ओबरहाउझेनला जमलेल्या तरुण दिग्दर्शकांनी 'जुना सिनेमा मेला' असं जाहीर केलं. नव्यांचा तो राग समजू शकतो. आपल्याकडे तर भांडणही झालं नाही, नुसतं दुर्लक्ष झालं. गर्दी खेचणारा म्हणजे उथळ, हे गृहीतच धरलं गेलं.

फिल्म सोसायट्यांनी, महाविद्यालयांनी 'ऊन पाऊस' पडद्यावर लावावा, त्यावर चर्चा घडवावी. गाणी ऐकून झाली. आता चित्रपट पाहू या.