'कोर्ट' : निकालापूर्वीची शिक्षा

चैतन्य ताम्हाणे दिग्दर्शित 'कोर्ट' (२०१४) या मराठी चित्रपटाची चर्चा प्रामुख्याने त्यास लाभलेल्या सन्मानांच्या अनुषंगाने झाली. निरपराध व्यक्तीस फौजदारी न्यायप्रक्रिया कशी ग्रासते, या अंगाने त्याचा विचार होणे प्रस्तुत लेखिकेस अगत्याचे वाटते.

मुंबईतील एका मॅनहोलमध्ये सफाई कामगाराचा मृत्यू होतो. आपल्या गीतातून त्यास आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा आरोप वयोवृद्ध लोकशाहीर नारायण कांबळे (वीरा साथीदार) यांच्यावर ठेवला जातो. मृताच्या पत्नीची साक्ष हा या कलाकृतीचा गाभा होय. संरक्षक साधने नव्हती. दुर्गंधी सोसवत नसे म्हणून तो दारू पीत असे. आत उतरणे सुरक्षित आहे की नाही, हे झुरळे दिसतात का यावरून ठरवीत असे. ती हे सारे कोणत्याही आवेशाविना सांगते. वस्तुतः येथेच खटला संपावयास हवा. कांबळे यांना जामीन मिळतोही. परंतु पुढे बेकायदेशीर कृत्ये (प्रतिबंध) अधिनियमाखाली त्यांना पुन्हा अटक होते.

हे अतिरंजित नव्हे. महाराष्ट्रातील २००३ च्या एका गुन्ह्यात भटक्या जमातींतील सहा जणांना २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फाशी सुनावली आणि ५ मार्च २०१९ रोजी त्याच न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरविले. प्रत्यक्षदर्शी स्त्रीने पोलिसांकडील छायाचित्रांतून भलत्याच चौघांना ओळखले होते. त्यांचा तपासच झाला नाही. सोळा वर्षांच्या कारावासापोटी प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाईचा आदेश झाला. तोही न्यायालयाने दिला म्हणून. कायद्याने मिळालेला हक्क म्हणून नव्हे. अशा भरपाईसाठी वैधानिक तरतूद असावी, अशी शिफारस विधी आयोगाने २०१८ मध्येच आपल्या २७७ व्या अहवालात केली होती.

ताम्हाणे यांनी कोणासही खलनायक केलेले नाही. सरकारी वकील नूतन (गीतांजली कुलकर्णी) कलमे वाचून दाखविते, लोकलने घरी जाते, स्वयंपाक करते. अन्याय येथे दुष्टाव्यातून घडत नाही, नित्यक्रमातून घडतो. म्हणूनच तो अधिक अस्वस्थ करतो. तथापि एक उणीव नोंदवावी लागेल. कॅमेरा दोन्ही वकिलांच्या आणि न्यायाधीशांच्या खाजगी आयुष्यात जातो, कांबळे यांच्या कोठडीत मात्र जात नाही. ही दिग्दर्शकाची योजना असू शकेल; तरीही ज्याच्यावर खटला चालतो, तोच प्रेक्षकाला सर्वांत कमी कळतो.

शेवटी न्यायालयास उन्हाळी सुटी लागते आणि दालनातील दिवे मालवतात. कांबळे कोठडीतच आहेत. न्यायाधीश सदावर्ते एका सहलीच्या ठिकाणी बाकावर डुलकी घेतात. मुले ओरडून त्यांना जागे करतात. ते एका मुलाच्या थोबाडीत देतात आणि पुन्हा डोळे मिटतात.