'उदयकाल' : शीर्षकातून वगळलेले स्वराज्य

कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीचा 'उदयकाल' (१९३०) हा शिवाजी महाराजांच्या स्वराज्यस्थापनेवरील मूकपट होय. दिग्दर्शक व्ही. शांताराम यांनीच त्यात महाराजांची भूमिका केली. चित्रपटाचे मूळ नाव 'स्वराज्याचे तोरण' असे होते; सेन्सॉरच्या आक्षेपामुळे ते बदलावे लागले.

हा बदल केवळ नावापुरता मानता येत नाही. बाबूराव पेंटर यांच्या 'सिंहगड' (१९२३) या मूकपटाचे शीर्षक एका गडाचे नाव सांगते. 'स्वराज्याचे तोरण' हे शीर्षक लढ्याचे ध्येय सांगते. 'तोरण' या शब्दातून शुभारंभ आणि तोरणा किल्ला असे दोन्ही अर्थ सूचित होतात. त्यातच १९३० हे मिठाच्या सत्याग्रहाचे वर्ष. अशा वेळी 'स्वराज्य' हा शब्द सतराव्या शतकापुरता मर्यादित राहणे शक्य नव्हते. 'उदयकाल' या नावात आरंभाचा भाव टिकला. परंतु उदय कशाचा, हे अनुक्त राहिले.

मूकपटात शब्द मोजके, म्हणूनच प्रत्येक शब्दाला वजन असते. येथे इतिहासाच्या चित्रणास मुभा मिळाली, त्याच्या वर्तमान अर्थास मात्र मिळाली नाही. शिवनेरीच्या परिसरातील अभ्यासकांनीही ऐतिहासिक चित्रपटांचे मूल्यमापन करताना वेशभूषा व लढाया यांबरोबरच निर्मितिकाळाचा हा दाब विचारात घेणे आवश्यक ठरते.