डोळे असलेले आरसे

जादूचा आरसा म्हटला की आपल्याला हिमगौरीची सावत्र आई आठवते. ग्रिम बंधूंनी १८१२ साली छापलेल्या त्या गोष्टीतला आरसा बोलतो, खरं बोलतो आणि त्यातूनच पुढचा घात होतो. हॅरी पॉटरच्या पहिल्या पुस्तकातला आरसा त्याहून हळवा. मनात खोल दडलेली इच्छा तो दाखवतो, म्हणून पोरक्या हॅरीला त्यात आईवडील दिसतात. दोन्ही आरसे समोर नसलेलं काहीतरी दाखवतात. बघणारा मात्र काचेच्या अलीकडे होता तसाच उभा असतो. सातशे वर्षांपूर्वी ज्ञानदेवांनी एका पत्रात मांडलेल्या आरशाने नेमका या बघणाऱ्यालाच हात घातला. ते पत्र म्हणजे ‘चांगदेव पासष्टी’.

पत्राभोवतीची कथा अद्भुताने भरलेली आहे. चौदाशे वर्षं जगलेले योगी चांगदेव वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन निघतात आणि त्यांना सामोरी जायला ज्ञानदेवांसह चार भावंडं बसलेली भिंत चालू लागते. त्याआधीचा कोऱ्या पत्राचा प्रसंग मला त्या भिंतीपेक्षा जास्त आवडतो. ज्ञानदेव वयाने पोर, ज्ञानाने थोर. मायना काय लिहावा, चिरंजीव की तीर्थरूप? चांगदेवांनी कागद कोराच धाडला. इतकी वर्षं जगून हा कोराच राहिला, असं ज्ञानदेवांची बहीण मुक्ताबाई म्हणाली, अशी आख्यायिका आहे. थोरले भाऊ निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानदेवांनी उत्तर दिलं ते पासष्ट ओव्यांचं. त्या उत्तरात वाघ नाही, साप नाही. भिंत आहे, पण ती चालत नाही: तिच्यावर चित्रं दिसतात आणि हात लावावा तर नुसती भिंतच असते. जग असं आहे, एवढं सांगून ज्ञानदेव पुढे जातात.

पहिल्या निम्म्या भागात दृष्टान्तांची गर्दी आहे. सोनं आणि दागिना, सूत आणि लुगडं, माती आणि भांडं, गूळ आणि त्याची ढेप. खरं सांगायचं तर यांतले बरेच परंपरेने हाती दिलेले आहेत आणि ज्ञानदेवांनी ते भराभर वापरून बाजूला ठेवले आहेत. आरशापाशी मात्र ते थांबतात, आणि पुन्हा पुन्हा तिथेच येतात. कारण सोन्याचा दागिना झाला तरी सोनं स्वतःकडे बघत नाही. आरशात बघणं घडतं, निदान घडल्यासारखं वाटतं. आणि ज्ञानदेवांना छेडायचं आहे ते हे वाटणंच.

त्यांचं म्हणणं असं: चेहरा एकटाच आहे. आरसा हे नुसतं निमित्त. पण ते निमित्त मिळताच एका चेहऱ्याचे तीन तुकडे झाल्यासारखे भासतात, बघणारा, दिसणारं आणि बघणं. इथे ते एक फार धाडसी गोष्ट सांगतात: प्रतिबिंब पडलं म्हणून बिंबाला बिंबपण आलं. आपण समजतो मूळ आधी, नक्कल नंतर. ज्ञानदेव विचारतात, नक्कल निघण्यापूर्वी त्याला मूळ म्हणत तरी कोण होतं? हिमगौरीच्या सावत्र आईला हा प्रश्न पडला असता तर सफरचंदात विष कालवायची वेळच आली नसती. आरसा दूर झाला की चेहऱ्याचं काही कमी होत नाही; कमी होतो तो ‘मी बघतो आहे’ हा डौल.

हे सगळं निव्वळ तत्त्वज्ञान झालं असतं, पण हे पत्र आहे आणि समोर एक माणूस आहे. म्हणून उत्तरार्धात आवाज बदलतो. शब्दानेच शब्द ऐकावा, चवीनेच चव चाखावी, तसा आपला संवाद, असं ज्ञानदेव लिहितात. मग चेहऱ्यालाच चेहऱ्याचा आरसा करतात. काच गेली. तुला भेटायची ओढ आहे, असं सांगताना त्यांना भीतीही वाटते, की जी भेट मुळातच झालेली आहे ती भेटायला गेल्याने विस्कटेल. इतकं नाजूक भय मराठी पत्रांत क्वचितच सापडतं. शेवटाकडे ज्ञानदेव आणि चांगदेव असे दोन आरसे समोरासमोर येतात, आणि या आरशांना डोळे आहेत. दोघेही बघतात, दोघेही दाखवतात, आणि कोण कोणात दिसतो हे सांगायला तिसरं कुणी उरत नाही. साध्या आंधळ्या आरशासमोर दुसरा आरसा ठेवला तर प्रतिमांची अंतहीन रांग लागते. इथे डोळे मिळताच रांग संपते. परीकथेतल्या कुठल्याही आरशाची कल्पना इथवर पोचलेली मी वाचलेली नाही.

रत्नागिरीजवळच्या पावसच्या स्वामी स्वरूपानंदांनी (१९०३–१९७४) ही पासष्टी अभंगांत आणली. त्यांचं नाव निघालं की सर्वांना अभंग ज्ञानेश्वरी आठवते. हे छोटं काम तिच्या सावलीत राहिलं. स्वामी नाथपंथी, ज्ञानदेवांच्याच परंपरेतले. १९३४ सालच्या मोठ्या दुखण्यानंतर पावसच्या देसायांच्या ‘अनंत निवास’मध्ये त्यांनी चाळीस वर्षं काढली. चांगदेवांनी पुष्कळ प्रवास करून जे गाठलं ते या गृहस्थांनी एका खोलीत बसून शोधलं, हा विरोधाभास मला मोलाचा वाटतो. रूपांतरात झीजही होते. ज्ञानदेवांच्या ओवीचा आखूड चौथा चरण विचाराला एकदम थांबवतो, अभंगाची लय त्याला पुढे वाहून नेते. पण जुनी मराठी ज्यांना अडते त्यांच्यासाठी ही वाट मोकळी आहे.

समारोपात ज्ञानदेव सांगतात की या ओव्यांचाच जो आरसा करील त्याला तेच सुख मिळेल. म्हणजे पत्राचा पत्ता बदलला, ते आता वाचणाऱ्याच्या नावे आहे. तेव्हा आधी मूळ ओवी मोठ्याने म्हणावी, मग पावसचा अभंग वाचावा, आणि अर्थ सांगणारी टीका सगळ्यात शेवटी उघडावी. पासष्टच ओव्या आहेत. एका बैठकीत होतात.