कंसातील युद्ध, कंसाबाहेरचा समुद्र
व्हर्जिनिया वुल्फ यांच्या ‘टु द लाइटहाउस’ (१९२७) या कादंबरीच्या मधल्या विभागात, पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये झालेला अँड्र्यू रॅम्झीचा मृत्यू चौकटी कंसात उरकलेला आहे. युद्ध परिघावर लोटल्याचा आक्षेप त्यावरून सहज घेता येतो. परंतु युद्धकाळात कारमायकेलच्या कवितांना लाभलेले यशही कंसातच येते. हा उपरोध नजरेआड करता येत नाही. शिवाय रॅम्झी कुटुंबाच्या सुट्टीच्या घराजवळ, स्काय बेटाच्या किनाऱ्यावर फिरणारी माणसे समुद्राकडे सांत्वन मागत असताना राखी रंगाचे जहाज दिसून नाहीसे होते, पाण्यावर जांभळट डाग उमटतो. हा डाग कंसात नाही. निसर्गसौंदर्यात अर्थ शोधण्याची निवांत नागरी सवयच तो मोडून काढतो. ओस पडलेले घर पुन्हा राहते करण्याचे कष्ट मात्र वृद्ध मिसेस मॅकनॅबच्या वाट्याला येतात, आणि निवेदनाची नजर तिच्यावर काहीशी वरूनच पडते.